स्कँडिनेव्हियन भाषा : नाते रक्ताचे आणि शेजाराचे

गेल्या अंकात युरोपातील भाषाकुलांवर जे टिपण प्रसिद्ध झाले, त्यात डॅनिश, स्वीडिश आणि नॉर्वेजियन या भाषा 'एकमेकींना फार जवळच्या' आहेत, एवढेच म्हटले होते. त्या एका वाक्यावर सातारा आणि सांगली या दोन्ही जिल्ह्यांतून बरीच पत्रे आली. त्यांतील निवडक प्रश्न, थोडे संक्षिप्त करून, उत्तरांसह पुढे देत आहोत.

प्रश्न : आमच्या तालुक्यात वनकुसवड्याच्या पठारावर पवनचक्क्या उभ्या आहेत. त्या कामातूनच अनुभव घेतलेला माझा भाचा आता डेन्मार्कमध्ये आरहूस येथे नोकरीस असून तो डॅनिश शिकला आहे. सुटीत तो समुद्रावरचा पूल ओलांडून स्वीडनमधील माल्मो शहरात गेला, तेव्हा दुकानांच्या पाट्या आणि वर्तमानपत्रातील मथळे त्याला बहुतेक वाचता आले, परंतु माणसांचे बोलणे मात्र कळेना. मग या दोन भाषा म्हणायच्या की एकच? — एक वाचक, पाटण

उत्तर : आपल्या भाच्याला जो अनुभव आला, तोच डेन्मार्कमध्ये जन्मलेल्या माणसालाही येतो, त्यात त्याच्या अभ्यासाची काही उणीव नाही. दोन की एक, हे आपण भाषा कशाने मोजतो यावर ठरते, आणि या भाषांचे वैशिष्ट्य असे की वंशावळीने मोजल्यास एक उत्तर येते, डोळ्यांनी मोजल्यास दुसरे आणि कानांनी मोजल्यास तिसरे.

वंशावळ आधी पाहू. या सर्व भाषा जर्मानिक कुलाच्या उत्तर शाखेतील आहेत. त्या प्रदेशात साधारण इसवी सनाच्या दुसऱ्या शतकापासून रून लिपीतील कोरीव लेख सापडतात, आणि व्हायकिंगांच्या काळापर्यंत डेन्मार्कपासून नॉर्वेपर्यंतची भाषा इतकी सारखी होती की मध्ययुगातील आइसलँडचे लेखकसुद्धा आपल्या भाषेला 'डॅनिश जीभ' असेच म्हणत. पुढे तिचे दोन पोटभेद स्पष्ट झाले. नॉर्वे, आइसलँड आणि फेरो बेटे यांचा पश्चिमेकडील गट, आणि डेन्मार्क व स्वीडन यांचा पूर्वेकडील. दगडाला पश्चिमेकडे 'स्टेइन' म्हणत राहिले, तर पूर्वेकडे तो जोडस्वर आकसून 'स्टेन' झाला. या हिशेबाने नॉर्वेजियन ही आइसलँडिकची सख्खी बहीण ठरते आणि डॅनिशची चुलत. प्रत्यक्षात मात्र आज ओस्लोचा रहिवासी कोपनहेगनचे वर्तमानपत्र सहज वाचतो, आणि आइसलँडची राजधानी रेक्याविक येथील वर्तमानपत्र त्याला वाचता येत नाही.

हे उलटे होण्याला दोन कारणे आहेत, आणि दोन्ही शेजाराची आहेत. पहिले कारण व्यापार. तेराव्या शतकापासून पुढे ल्यूबेकच्या पुढाकाराने चालणाऱ्या हान्सा या व्यापारी संघाने बर्गेन, विस्बी, स्टॉकहोम या बंदरांत आपले बस्तान बसवले. बर्गेनमध्ये तर सुमारे १३६० पासून त्यांची कायमची पेढी होती. उत्तर जर्मनीच्या सखल प्रदेशातील या व्यापाऱ्यांच्या आणि कारागिरांच्या बोलीतून केवळ शब्दच आले असे नव्हे, तर शब्दांना लागणारे उपसर्ग आणि प्रत्ययही आले, आणि ते डॅनिश, स्वीडिश व नॉर्वेजियन या तिन्ही भाषांत इतके खोल रुजले की त्यांच्यावाचून आज एक परिच्छेदही लिहिता येणार नाही. अर्ज, दुकान, फिर्याद, जमीन, हिशेब हे शब्द गाळून मराठीत एखादे सरकारी पत्र लिहून पाहावे, म्हणजे त्याची कल्पना येईल. याच शतकांत या तिन्ही भाषांच्या विभक्त्याही झिजून गेल्या. दूरच्या आइसलँडला यातले फारसे काही लागले नाही. दुसरे कारण नॉर्वेवरील डेन्मार्कचे दीर्घ राज्य. त्याचा विचार पुढे एका प्रश्नाच्या उत्तरात आला आहे.

आता कानांविषयी. डॅनिश उच्चार गेल्या काही शतकांत फार मऊ झाले. रस्त्याला स्वीडिशमध्ये 'गाता' आणि नॉर्वेजियनमध्ये 'गाते' म्हणतात. डॅनिश लिखाणात त्याचे 'गादे' झाले, आणि बोलताना तर त्या 'द'साठी जीभ दातांना नीट टेकतही नाही. पुस्तकाला इतर दोघींत 'बूक', डॅनिश लिखाणात 'बोग', आणि उच्चारात शेवटचा 'ग' विरून 'बोव' असे काहीतरी ऐकू येते. यात भर म्हणून डॅनिशमध्ये स्वराबरोबर कंठातून एक झटका दिला जातो. 'ती' आणि 'कुत्रा' या अर्थांच्या दोन शब्दांत ऐकण्यापुरता फरक केवळ त्या झटक्याचा आहे. स्वीडिश आणि नॉर्वेजियन यांत त्या जागी सुरांचे दोन प्रकार आहेत. नॉर्वेजियनमध्ये 'शेतकरी' आणि 'घेवड्याचे दाणे' हे अनेकवचनी शब्द केवळ सुराने वेगळे ओळखू येतात, आणि म्हणूनच या भाषा परक्या माणसाला गाण्यासारख्या वाटतात. डॅनिश बोलण्यात व्यंजने इतकी विरतात की डॅनिश मुलांचा सुरुवातीचा शब्दसंग्रह इतर भाषांतील मुलांपेक्षा थोडा सावकाश वाढतो, असे डॅनिश संशोधकांनीच दाखवून दिले आहे.

याचा परिणाम असा की समजण्याचे हे नाते दोन्ही बाजूंनी सारखे राहिलेले नाही. २००५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या पाहणीत तिन्ही देशांतील तरुणांना शेजारच्या भाषा ऐकवण्यात आल्या. त्यांत नॉर्वेचे तरुण सर्वांत पुढे होते, डॅनिश आणि स्वीडिश तरुणांना एकमेकांचे बोलणे सर्वांत कमी कळत होते, आणि मुलांपेक्षा त्यांच्या पालकांना शेजारची भाषा अधिक कळत होती. नॉर्वेच्या लोकांचे यश समजण्यासारखे आहे, कारण त्यांचा शब्दसंग्रह डॅनिशच्या जवळचा आणि उच्चार स्वीडिशच्या जवळचा. शिवाय घरातच अनेक बोली ऐकण्याची त्यांच्या कानांना सवय असते. आपापल्या भाषेत बोलून निम्मेशिम्मे समजून घेण्याच्या या प्रकाराला आयनार हाउगेन या भाषाशास्त्रज्ञाने १९६६ मध्ये 'अर्धसंवाद' अशा अर्थाचे नाव दिले, आणि ते अजूनही चपखल बसते. तेव्हा आपल्या प्रश्नाला माझे उत्तर असे : कागदावर या दोन भाषा एकीच्या दोन शैली वाटाव्यात इतक्या जवळ आहेत, बोलण्यात मात्र त्या दोनच आहेत.

प्रश्न : फिनलंडची भाषाही याच गटातील आहे का? नकाशावर तर तो देश स्वीडनला लागूनच आहे. — एक शिक्षिका, कराड

उत्तर : नाही. फिनिश ही उरालिक कुलातील भाषा असून तिचे नाते एस्टोनियनशी आणि दुरून हंगेरियनशी आहे; नॉर्वे आणि स्वीडनच्या उत्तर भागातील सामी लोकांच्या भाषाही त्याच कुलातील आहेत. मात्र १८०९ पर्यंत फिनलंड हा स्वीडनच्या राज्याचा भाग असल्यामुळे तेथे आजही सुमारे पाच टक्के लोकांची मातृभाषा स्वीडिश आहे, आणि फिनिशइतकाच तिला राजभाषेचा दर्जा आहे. ग्रीनलंडची भाषा तर या दोन्ही कुलांबाहेरची आहे, जरी तो प्रदेश डेन्मार्कच्या राज्यात मोडतो.

प्रश्न : आमच्या जत भागात एकाच घरात मराठी आणि कानडी दोन्ही चालतात आणि सीमा कोणत्या गावावरून जाते ते बोलण्यावरून सांगता येत नाही. स्कँडिनेव्हियात असे सीमाभाग आहेत का? — एक वाचक, जत

उत्तर : आहेत, परंतु त्यांचा प्रकार जतपेक्षा वेगळा आहे. मराठी आणि कानडी ही दोन निराळ्या कुलांतील भाषांची शेजारवस्ती आहे. माणसे दोन्ही बोलतात, पण या वाक्यातून त्या वाक्यात जाताना आपण भाषा बदलली हे त्यांना ठाऊक असते. स्कँडिनेव्हियातील स्थिती रत्नागिरीहून मालवण आणि तेथून गोवा असा प्रवास करणाऱ्याला जी आढळते, तिच्या जवळची आहे. तेथे प्रत्येक पुढच्या गावची बोली मागच्या गावाला कळते, आणि भाषा नेमकी कोठे बदलली ते बोट ठेवून सांगता येत नाही. साहित्य अकादमीने कोकणीला १९७५ मध्ये मान्यता दिली आणि १९९२ मध्ये ती राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत आली. त्यामुळे किनाऱ्यावरच्या बोलण्यात त्या वर्षी काही फरक पडला नाही, पण कोणत्या गावाची बोली कोणत्या भाषेच्या खात्यात धरायची, हा प्रश्न बदलला.

स्वीडनच्या दक्षिण टोकाच्या स्कोने प्रांताचा इतिहास या दृष्टीने वाचण्यासारखा आहे. आधीच्या प्रश्नातील माल्मो शहर याच प्रांतातले. हा मुलूख शतकानुशतके डेन्मार्कचा होता आणि तेथील लोक डॅनिशच्या पूर्वेकडील बोली बोलत. १६५८ च्या रॉस्किल्डेच्या तहाने डेन्मार्कला तो स्वीडनला द्यावा लागला. नव्या राज्यकर्त्यांनी १६६६ मध्ये लुंद येथे विद्यापीठ स्थापन केले, चर्चमधील उपासना आणि मुलांची धार्मिक शिकवणूक स्वीडिशमधून सुरू केली, आणि काही पिढ्यांत तेथील लिखाण स्वीडिश झाले. बोलणे मात्र निम्म्या वाटेवर राहिले. स्कोनेतील माणसाचा 'र' अजूनही डॅनिश माणसासारखा घशातून येतो आणि स्टॉकहोमचे लोक त्याची चेष्टा करतात. त्याच तहात बॉर्नहोम हे बेटही स्वीडनला गेले होते, परंतु तेथील लोकांनी उठाव केला आणि १६६० मध्ये ते पुन्हा डेन्मार्कला मिळाले. बॉर्नहोमची बोली आणि स्कोनेची जुनी बोली एकाच गटातील असूनही आज पहिली डॅनिशची बोली म्हणून गणली जाते आणि दुसरी स्वीडिशची. सरहद्द आधी बदलली आणि भाषेचे नाव तिच्या मागून बदलले, याचे याहून स्पष्ट उदाहरण मला ठाऊक नाही.

याच्या अगदी उलट प्रकारही स्वीडनमध्येच आढळतो. दालार्ना प्रांतातील एल्व्हदालेन या खोऱ्यात दोन-तीन हजार लोक जी बोली बोलतात, ती स्टॉकहोमच्या माणसाला मुळीच समजत नाही, कारण तिच्यात जुन्या नॉर्समधील, म्हणजे व्हायकिंगांच्या काळातील त्या सामाईक भाषेतील, कितीतरी वैशिष्ट्ये टिकून आहेत. तरी तिची गणना दीर्घकाळ स्वीडिशची एक बोली म्हणूनच होत आली. कोपनहेगनची भाषा निराळी आणि एल्व्हदालेनची मात्र आपलीच, असा हा हिशेब आहे.

प्रश्न : नॉर्वेत नॉर्वेजियन भाषा दोन आहेत आणि तेथील शिक्षक मुलांची बोली सुधारत नाहीत, असे वाचनात आले. हे खरे असेल तर ते कसे चालते? आमच्या सरावपाठांत 'म्या लई येळ थांबलो' असे म्हणणाऱ्या मुलाला थांबवून वाक्य दुरुस्त करावे, अशीच सर्वांची अपेक्षा असते. — एक छात्रशिक्षक, सातारा

उत्तर : दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत, फक्त पहिलीत एक दुरुस्ती हवी. नॉर्वेत दोन लेखनभाषा आहेत. बोलण्याच्या भाषा मात्र जितकी खोरी तितक्या आहेत.

नॉर्वे चौदाव्या शतकाच्या अखेरीपासून डेन्मार्कशी जोडले गेले, आणि धर्मसुधारणेनंतर, म्हणजे १५३७ च्या सुमारास, त्याचे वेगळे राजकीय अस्तित्व जवळजवळ संपले. ही वेळ भाषेच्या दृष्टीने फार वाईट होती, कारण याच काळात बायबल लोकभाषांत छापले जाऊ लागले. स्वीडनला १५४१ मध्ये आणि डेन्मार्कला १५५० मध्ये आपापले बायबल मिळाले, आणि त्या ग्रंथांनी त्या दोन्ही भाषांचे लेखन घडवले. नॉर्वेला स्वतःचे बायबल मिळाले नाही. तेथे चर्चमध्ये, न्यायालयात आणि शाळेत डॅनिशच वाचली आणि लिहिली गेली. जुनी नॉर्वेजियन लेखनपरंपरा खंडित झाली. लोक आपापल्या बोली बोलत राहिले, आणि शहरांतील शिकलेले लोक डॅनिश लिखाण नॉर्वेच्या उच्चारांत वाचता वाचता एक मिश्र शिष्टभाषा बोलू लागले.

१८१४ मध्ये नॉर्वेने डेन्मार्कपासून वेगळे होऊन स्वतःची राज्यघटना केली. त्यानंतर लवकरच स्वीडनच्या राजाखाली जावे लागले आणि पूर्ण स्वातंत्र्य १९०५ मध्येच आले. पण आपली भाषा कोणती, हा प्रश्न १८१४ नंतर लगेच उभा राहिला. त्याला दोन उत्तरे मिळाली. पश्चिम नॉर्वेतील एका शेतकऱ्याचा मुलगा, ईवार ओसेन, १८४२ पासून चार वर्षे खेडोपाडी हिंडून बोलींची नोंद करत राहिला. १८४८ मध्ये त्याने लोकभाषेचे व्याकरण आणि १८५० मध्ये कोश प्रसिद्ध केला, आणि या बोलींच्या मुळाशी असलेले समान रूप शोधून त्यावर नवी लेखनभाषा उभी केली. दुसरीकडे क्नूड क्नूडसेन या शिक्षकाचे म्हणणे असे की डॅनिश लिखाणच शहरी नॉर्वेजियन उच्चारांप्रमाणे हळूहळू बदलत न्यावे. १८८५ मध्ये संसदेने दोन्हींना समान दर्जा दिला. क्नूडसेनच्या मार्गाला १९०७ च्या शुद्धलेखन सुधारणेने मोठे बळ मिळाले. त्या वर्षी डॅनिश 'गादे' आणि 'बोग' कागदावरही 'गाते' आणि 'बूक' झाले. १९२९ पासून या दोन भाषांची अधिकृत नावे आहेत 'बूकमोल', म्हणजे ग्रंथभाषा, आणि 'नीनोर्स्क', म्हणजे नवी नॉर्वेजियन.

पुढे शासनाने या दोन्ही भाषा एकमेकींकडे सरकवत नेऊन त्यांची एकच भाषा करण्याचा घाट घातला. १९३८ च्या सुधारणेत तो हेतू उघड होता. त्यावर १९५० च्या दशकात शहरांतील पालक इतके संतापले की मुलांच्या पाठ्यपुस्तकांतील नवी रूपे त्यांनी स्वतःच्या हाताने खोडून जुनी लिहिली. अखेर २००२ मध्ये हे एकीकरणाचे धोरण अधिकृतपणे सोडून देण्यात आले. लोकांच्या लिखाणाला वरून वळण लावण्याचा इतका चिकाटीचा प्रयत्न लोकशाही देशांत क्वचितच झाला असेल, आणि तो फसला याचे मला वाईट वाटत नाही. आज शाळेतील दर आठ-नऊ मुलांमागे एकाची मुख्य लेखनभाषा नीनोर्स्क असते, बाकीच्यांची बूकमोल. दुसरी लेखनभाषाही सर्वांना शिकावी लागते आणि त्याबद्दल मुलांची कुरकूर दर पिढीत ऐकू येते. २०२३ चे साहित्याचे नोबेल पारितोषिक मिळालेले यून फोस्से हे नीनोर्स्कमध्ये लिहितात.

आता आपल्या दुसऱ्या मुद्द्याकडे येऊ. शिक्षण शक्य तेथवर मुलांच्या स्वतःच्या बोलीतून द्यावे, असा ठराव नॉर्वेच्या संसदेने १८७८ मध्येच केला होता. तेव्हापासूनची परंपरा अशी की शिक्षक मुलाचे लिखाण तपासतो, त्याचे बोलणे तपासत नाही. 'मी' या अर्थी नॉर्वेत 'याय', 'एग', 'ए', 'ॲ' असे कितीतरी शब्द चालतात, आणि मंत्री असो की प्राध्यापक, प्रत्येक जण आपल्या गावचाच शब्द संसदेत आणि दूरचित्रवाणीवरही वापरतो. बोलण्याची प्रमाणभाषा अशी अधिकृत गोष्ट तेथे नाही. आपला तो विद्यार्थी वहीत 'मी खूप वेळ थांबलो' असे लिहीत असेल, तर तोंडाने 'म्या लई येळ थांबलो' म्हटल्याने त्याचे किंवा मराठीचे नुकसान होत नाही, हे नॉर्वेच्या अनुभवावरून निश्चित म्हणता येते. लिहिणे आणि बोलणे यांची कसोटी एकच ठेवल्यामुळे आपल्याकडे वर्गात बोलायलाच तयार नसणारी मुले किती, याचा विचार अध्यापक विद्यालयांनी जरूर करावा.

प्रश्न : आइसलँडची मुले सातशे-आठशे वर्षांपूर्वीचे ग्रंथ थेट वाचतात असे म्हणतात. आम्हाला ज्ञानेश्वरी टीकेवाचून उमगत नाही. हे खरोखर शक्य आहे का? — एक वाचक, वाई

उत्तर : बऱ्याच अंशी शक्य आहे, पण त्यात थोडी अतिशयोक्तीही मिसळलेली असते. आइसलँडच्या सागा या गद्यकथा मुख्यतः तेराव्या शतकात लिहिल्या गेल्या, म्हणजे शके १२१२ मधील ज्ञानेश्वरीच्या थोड्या आधीच्या. आजच्या आइसलँडिक विद्यार्थ्याला त्या वाचता येतात, मात्र शाळेतील आवृत्त्यांचे शुद्धलेखन आधुनिक केलेले असते, आणि त्याच काळातील दरबारी कवींच्या कविता त्यालाही टीपांवाचून उमगत नाहीत. उच्चारही मधल्या काळात पुष्कळ बदलले. तेराव्या शतकातील माणूस आज रेक्याविकला अवतरला, तर त्याला लिहिलेले चटकन कळेल, बोललेले कळायला वेळ लागेल.

व्याकरण मात्र खरोखरच फारसे हललेले नाही. चार विभक्त्या, तीन लिंगे, क्रियापदांची पुरुषाप्रमाणे बदलणारी रूपे हे सर्व तेथे शाबूत आहे, आणि डॅनिश माणसाला नेमके तेच जड जाते. नवव्या-दहाव्या शतकांत मुख्यतः पश्चिम नॉर्वेतून आलेल्या लोकांनी हे बेट वसवले, नंतर अनेक शतके मोठे स्थलांतर झाले नाही, आणि आजही त्या देशाची लोकसंख्या चार लाखांच्या आतबाहेर आहे. आपल्या सांगली-मिरज-कुपवाड महापालिकेची २०११ च्या जनगणनेतील संख्या त्याहून जास्त, पाच लाखांवर होती.

आपण वाईचे आहात, मराठी विश्वकोशाच्या गावचे, म्हणून परिभाषेविषयी दोन शब्द अधिक लिहितो. आइसलँडिक लोक परकी संज्ञा सहसा जशीच्या तशी घेत नाहीत. दूरध्वनीसाठी त्यांनी 'सीमी' हा धागा या अर्थाचा विसरलेला जुना शब्द उकरून काढला. विजेसाठी त्यांचा शब्द 'अंबरची शक्ती' अशा अर्थाचा आहे. संगणकासाठी सिगुर्दुर नोर्दाल या विद्वानाने 'संख्या' आणि 'भविष्यवेत्ती' या दोन जुन्या शब्दांचा सांधा जुळवून 'तोल्वा' हा शब्द घडवला. शिवकालीन राज्यव्यवहारकोश किंवा सावरकरांचे 'महापौर', 'दिनांक' हे याच जातीचे प्रयत्न होत. फरक इतकाच की आइसलँडमध्ये असे शब्द कार्यालयापुरते न राहता स्वयंपाकघरापर्यंत पोचले. माझ्या मते याचे श्रेय समित्यांपेक्षा शब्दांच्या आखूडपणाला जास्त आहे. 'सीमी' म्हणायला दोन अक्षरे लागतात. आपण 'भ्रमणध्वनी' दिला आणि लोकांनी 'मोबाइल' घेतला.

फेरो बेटांची भाषा आइसलँडिकला सर्वांत जवळची. ती शतकानुशतके केवळ तोंडी राहिली, आणि फेर धरून म्हटल्या जाणाऱ्या लांबलचक पोवाड्यांनी तिला जपले. हॅमर्सहाइम्ब यांनी १८४६ मध्ये तिची लेखनपद्धती बसवली, तीही जुन्या व्युत्पत्तीला धरून, त्यामुळे लिहिलेली बरीच अक्षरे उच्चारात येतच नाहीत. १९४८ मध्ये बेटांना स्वराज्य मिळाले तेव्हा ती तेथील मुख्य भाषा झाली. शाळेत डॅनिशही शिकावी लागत असल्यामुळे वर सांगितलेल्या २००५ च्या पाहणीत फेरोची मुले नॉर्वेच्या मुलांनाही मागे टाकून गेली.

प्रश्न : डॅनिश लोक पन्नास या संख्येला 'अडीच वेळा वीस' म्हणतात, हे खरे का? — एक गणितशिक्षक, तासगाव

उत्तर : अगदी खरे, आणि मराठी माणसाला त्यात नवल वाटू नये. आपल्याकडे जुनी माणसे आंबे किंवा शेणी विसांवर मोजत आणि 'तीन इसा', 'चार इसा' म्हणत. डॅनिशमध्ये साठ आणि ऐंशी यांची नावे नेमकी अशीच, तीन विसा आणि चार विसा या अर्थांची आहेत. पन्नाससाठी ते 'अर्धा-तिसरा वीस' म्हणतात, म्हणजे दोन विसा पूर्ण आणि तिसऱ्यातील अर्धा. आपला 'अडीच' हाही संस्कृत 'अर्धतृतीय' यावरूनच आला आहे. सत्तरला ते 'अर्धा-चौथा' म्हणतात. तोच 'अर्धचतुर्थ' आपल्याकडे झिजून 'औट', म्हणजे साडेतीन, झाला, ज्याला संतवाणी वाचणारे 'औट हात' देहामुळे ओळखतात. म्हणजे डॅनिश सत्तर हा औट विसा. नव्वद त्याच रीतीने साडेचार विसा. स्वीडिश आणि नॉर्वेजियन यांनी ही पद्धत ठेवली नाही. त्यांत पन्नास म्हणजे सरळ पाच दहा. दुकानात डॅनिश विक्रेत्याने किंमत सांगितली की स्वीडिश गिऱ्हाईक गोंधळते ते येथेच.

आपण गणित शिकवता, म्हणून आणखी एक गोष्ट. डॅनिशमध्ये पंचवीसला मराठीप्रमाणेच आधी पाच आणि मग वीस म्हणतात, आणि नॉर्वेतही पूर्वी तसेच होते. नॉर्वेच्या दूरध्वनी खात्याला त्याचा त्रास होई, कारण क्रमांक ऐकून जोडताना अंकांची उलटापालट होत असे. खात्याच्या आग्रहावरून संसदेने ठराव केला आणि १ जुलै १९५१ पासून 'वीस-पाच' ही पद्धत शाळांत आणि सरकारी कामात लागू झाली. बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात २०१९ मध्ये 'वीस एक', 'वीस दोन' असे वाचन आले तेव्हा आपल्याकडे जो गदारोळ झाला, तो आपणास आठवत असेल. नॉर्वेचा अनुभव दोन्ही पक्षांनी पाहण्यासारखा आहे. सत्तर वर्षे उलटून गेली तरी जुनी पद्धत तेथील बोलण्यातून गेलेली नाही, आणि अनेक जण तर दिवसभरात दोन्ही पद्धती वापरतात; त्यामुळे भाषा बुडाली नाही आणि हिशेबही चुकले नाहीत.

प्रश्न : मी परिचारिकेचे शिक्षण घेत आहे आणि पुढे तिकडील एखाद्या देशात काम करण्याचा विचार आहे. या तिन्हींपैकी एक भाषा शिकल्यास इतर दोन्ही देशांत काम चालेल का? — एक विद्यार्थिनी, मिरज

उत्तर : देश ठरला असेल तर त्याच देशाची भाषा शिकावी, दुसरा विचार करू नये. स्वीडनच्या परिचारिका नॉर्वेतील रुग्णालयांत थोडा फेरफार करून स्वीडिशच बोलतात हे खरे आहे, पण त्यांच्या भाषेची सवय तेथील रुग्णांना लहानपणापासून दूरचित्रवाणीमुळे असते. उत्तर युरोपातील देशांनी १९८१ मध्ये केलेला आणि १९८७ पासून अमलात असलेला भाषाविषयक करार शेजारच्या देशातील कार्यालयांत आपली भाषा वापरण्याची सोय देतो, तीही त्या देशांच्या नागरिकांपुरती आहे.

देश ठरलेला नसल्यास बूकमोल नॉर्वेजियनपासून आरंभ करणे मला सर्वांत सोयीचे वाटते, कारण तिच्यामुळे डॅनिश वाचता येते आणि स्वीडिश बरीचशी ऐकून कळते. नॉर्वेच्या बहुतेक बोलींत तीन लिंगे आहेत, त्याचे मराठी माणसाला ओझे वाटणार नाही. सावध राहावे लागेल ते दिसायला सारख्या शब्दांपासून. 'फ्रोकोस्ट' म्हणजे नॉर्वेत सकाळची न्याहारी आणि डेन्मार्कमध्ये दुपारचे जेवण. औषध 'फ्रोकोस्ट'नंतर घ्या असे सांगताना हा फरक लक्षात हवा. 'रूलिग' म्हणजे नॉर्वेत आणि डेन्मार्कमध्ये शांत, स्वीडनमध्ये मात्र गमतीदार. वर्गात बूकमोल शिकतानाच नॉर्वेच्या नभोवाणीवरील निरनिराळ्या बोली ऐकण्याची सवय लावून घ्यावी, कारण बर्गेनचा किंवा ट्रोम्सोचा आजारी म्हातारा तुमच्याशी पुस्तकातले नॉर्वेजियन बोलणार नाही, आणि त्याने तसे बोलावे अशी अपेक्षा तेथे कोणी ठेवतही नाही.